वाचकांचे प्रश्न : पहिल्या बोलपटांतले मुलांचे मेळे

गेल्या अंकात अमेरिकेतल्या १९२९-३० च्या लघुपटांवर एक टिपण होतं. चाळीस-पन्नास मुलं एका रांगेत टॅप (बुटांच्या तळाला लावलेल्या धातूच्या नालांनी ठेका वाजवायचा नाच) नाचतात, एखादी चिमुरडी पुढे येऊन मोठ्या बाईच्या थाटात गाणं म्हणते, अशा छापाचे ते लघुपट. त्यावर बरीच पत्रं आली. त्यांतले निवडक प्रश्न इथे घेतले आहेत. एकाच विषयावरचे प्रश्न एकत्र केले आहेत.

हे मेळे नेमके होते कुणाचे? शाळेचे, नाटक कंपनीचे की स्टुडिओचे? आणि नेमके याच दोन-तीन वर्षांत एवढे का दिसतात?

बहुतेक मेळे डान्स क्लासचे होते. सर्वांत नावाजलेला मेळा लॉस एंजेलिसच्या एथेल मेग्लिन यांचा. १९२८ च्या डिसेंबरात तिथल्या लोज स्टेट थिएटरमध्ये नाताळच्या खेळाला त्यांची शंभर मुलं रंगमंचावर उतरली. मूळच्या मिनेसोटातल्या गम बहिणी त्यांच्यात होत्या. तिघींतली धाकटी फ्रान्सिस तेव्हा सहा वर्षांची होती. तीच पुढे गायिका-अभिनेत्री ज्युडी गार्लंड झाली. पुढची प्रसिद्ध बालतारका शर्ली टेंपल याच क्लासला १९३१ मध्ये, तीन वर्षांची असताना दाखल झाली.

यातला व्यवहार सरळ होता. फी पालक भरत आणि मेळा ही क्लासची चालतीबोलती जाहिरात असे. स्टुडिओच्या दृष्टीने हा आयता माल होता: पाठ झालेला नाच, एका तालमीतली पोरं आणि त्यांना शिस्तीत ठेवणाऱ्या बाई, सगळं एकाच ठिकाणी.

याच वर्षांत का, याचं उत्तर थिएटरच्या जमाखर्चात सापडतं. मूकपटांच्या काळात मोठ्या शहरांतली थिएटरं चित्रपटाआधी रंगमंचावर जिवंत कार्यक्रम करत. त्याला प्रोलॉग म्हणत. पश्चिम किनाऱ्यावर फँचन अँड मार्को या भावाबहिणीच्या जोडीने तर असे कार्यक्रम थिएटरांना पुरवण्याचा धंदाच उभारला होता. वादक, नर्तक, कपडेपट यांचा खर्च दर आठवड्याला होई. वॉर्नर ब्रदर्सचं व्हायटाफोन, म्हणजे चित्रासोबत तबकडीवरून आवाज वाजवण्याची पद्धत, आल्यावर तोच कार्यक्रम एकदा चित्रित करून देशभर फिरवता येऊ लागला. १९२६ च्या ऑगस्टमध्ये व्हायटाफोनचा पहिला मोठा खेळ झाला तेव्हाही मुख्य चित्रपटाआधी गाण्या-वादनाचे लघुपटच दाखवले होते. पुढे व्हॉडव्हिलमध्ये (गाणी, नाच, विनोद यांच्या रंगमंचावरच्या मिश्र खेळांत) जे जे चालत होतं ते सगळं ओळीने कॅमेऱ्यासमोर आलं, आणि मुलांचे मेळे तिथे नवे नव्हतेच. गस एडवर्ड्स हे गीतकार विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकापासून 'शाळेतला वर्ग' या कल्पनेवर मुलांची पथकं घेऊन फिरत होते. पुढे नावाजलेले विनोदी कलाकार एडी कँटर आणि जॉर्ज जेसेल त्यांच्याच तालमीतले.

आणखी एक कारण आहे, आणि आमच्या मते तेच खरं. ही मुलं माइकशिवाय शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवायला शिकलेली होती. तबकडीला स्वतःचीच खरखर असे. तिच्यावर मात करायची तर आवाज दणदणीतच लागे. हळू, नैसर्गिक बोलणारं मूल तेव्हाच्या यंत्राला परवडणारं नव्हतं.

जुने लघुपट पाहिले. सगळी मुलं ओरडून गातात आणि टॅपचा आवाज पत्र्यावर खडे टाकल्यासारखा येतो. पायांचा ठेका आणि आवाज एकमेकांवर घसरल्यासारखे वाटतात. मुलं कच्ची होती का?

मुलं कच्ची नव्हती. तुम्हाला ऐकू येतोय तो दोष खोलीचा आणि माइकच्या जागेचा आहे.

तेव्हाचे कंडेन्सर माइक चारही दिशांचा आवाज सारखाच घेत. फक्त पुढचा-मागचा आवाज घेऊन बाजूंचा टाळणारे रिबन माइक स्टुडिओंत आले ते १९३१-३२ च्या सुमारास. चौफेर ऐकणारा माइक वर टांगला की जवळच्या मुलाचा आवाज स्पष्ट येतो, आणि लांबच्या मुलाचा आवाज भिंतींवर आपटून आलेल्या घुमाऱ्यासकट येतो. अंतर दुप्पट झालं की थेट आवाज ६ डेसिबलने घटतो. घुमारा मात्र तेवढाच राहतो. म्हणून एकट्याने गाणारं मूल माइकखाली खिळवून ठेवत आणि मेळा मागे नाचत ठेवत. हातवारे भरपूर करायचे पण पाय जागचे हलवायचे नाहीत, ही जी अवघडलेली ढब दिसते, ती तिथून आलेली आहे.

आता ठेक्याचा हिशेब करून पाहा. आवाज सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो. बँड माइकजवळ आहे आणि शेवटची रांग १० मीटर मागे आहे असं धरा. त्या रांगेला बँडची मात्रा २९ मिलिसेकंद उशिरा ऐकू येते. तिने ऐकल्या क्षणी पाय आपटला तरी तो आवाज माइकपर्यंत परत यायला आणखी २९ मिलिसेकंद लागतात. एकूण ५८ मिलिसेकंद, म्हणजे सेकंदाला २४ फ्रेमच्या चित्रपटात जवळजवळ दीड फ्रेम. पुढची रांग 'टक' वाजवते तेव्हा मागची रांग 'ट-टक' करते, आणि मधल्या रांगा त्या दोन्हींमधली फट भरून काढतात. पन्नास मुलं अगदी एका क्षणी पाय टेकवत असली तरी माइकला ते पावसासारखंच ऐकू येणार. त्यात पोकळ लाकडी मंच असला तर तो ढोलासारखा घुमतो आणि नालांचा बारीक कडक आवाज त्यात बुडून जातो.

मुलांच्या आवाजाचं दुखणं वेगळं आहे. तेव्हाच्या तबकडीवर सुमारे ५,००० हर्ट्झच्या वरचं फारसं काही उमटत नसे. लहान मुलांचे 'स', 'श' त्याच्याही वर असतात. त्यामुळे स्वच्छ बोलणारं मूलसुद्धा बोबडं वाटतं. कडक कांजीचे घेरदार फ्रॉक आणि मण्यांच्या माळा माइकजवळ सळसळत, ती तक्रार वेगळीच.

शिवाय सुरुवातीच्या वर्षांत ध्वनी कापून जोडता येत नव्हता. मेणाच्या जाड तबकडीवर थेट खोदकाम होई आणि रीळभर कार्यक्रम एका दमात उरकावा लागे. चित्र मात्र दोन-तीन कॅमेऱ्यांनी एकाच वेळी टिपत आणि मग ध्वनीच्या लांबीला जुळेल असं कापत. नवव्या मिनिटाला कोपऱ्यातलं एक पोर अडखळलं की सगळं पहिल्यापासून. मेणाची तबकडी वाजवून ऐकली की खराब होते, म्हणून एकाच वेळी दोन खोदत: एक लगेच ऐकायला, दुसरी साच्यासाठी. कॅमेऱ्याचा खडखडाट माइकमध्ये जाऊ नये म्हणून कॅमेरामनला काचेच्या खिडकीच्या बंद खोपट्यात कोंडत. चित्रीकरण चालू असताना पंखे आणि हवा खेळवणारी यंत्रणा बंद. दिव्यांखाली ती पोरं किती तापत असतील, याचा अंदाज त्यांच्या चकाकणाऱ्या कपाळांवरून येतो.

यातून सुटका झाली ती आधी ध्वनिमुद्रण करून मग त्यावर नाचण्याच्या पद्धतीने. 'द ब्रॉडवे मेलडी' या १९२९ च्या चित्रपटातला एक समूहनृत्याचा प्रसंग पुन्हा चित्रित करायचा ठरला, पण ध्वनी चांगला होता. तेव्हा तोच ध्वनी सेटवर वाजवून फक्त चित्र नव्याने घेतलं. टॅपचे ठोके मागाहून, मोजक्या नर्तकांकडून वेगळे वाजवून घेण्याची रीत त्यानंतर रुळली. त्यामुळे १९३० च्या दशकाच्या मध्यावरचे लघुपट पाहिलेत तर टॅप स्वच्छ ऐकू येईल, आणि मुलं अचानक हुशार झाल्यासारखी वाटतील.

ज्युडी गार्लंडचे लहानपणचे लघुपट कोणते? त्यांपैकी काहींचा फक्त आवाज उरला आहे असं वाचलं. चित्रपटाचा आवाज उरतो आणि चित्र हरवतं हे कसं?

पहिला 'द बिग रिव्ह्यू', १९२९ चा. त्यात मेग्लिन यांचा अख्खा मेळा आहे आणि तिघी गम बहिणी एक गाणं म्हणतात. हा पाहायला मिळतो. त्यानंतर फर्स्ट नॅशनल-व्हायटाफोनने मेळ्याला घेऊन केलेले तीन: 'अ हॉलिडे इन स्टोरीलँड', 'द वेडिंग ऑफ जॅक अँड जिल' आणि 'बबल्स'. दिग्दर्शक रॉय मॅक. फ्रान्सिस तेव्हा सात वर्षांची. पहिल्या दोहोंत तिला एकटीला गाणं मिळालं आहे, 'बबल्स'मध्ये तिघी मिळून गातात. तिन्ही रंगीत होते. आज 'बबल्स' कृष्णधवल प्रतीत उरला आहे आणि बाकी दोघांचा फक्त ध्वनी.

ध्वनी वेगळा वाचतो कारण तो फिल्मवर नव्हताच. तो १६ इंची तबकडीवर होता. १,००० फुटांचं रीळ मिनिटाला ९० फुटांच्या वेगाने अकरा मिनिटं चालतं. तेवढाच वेळ पुरेल म्हणून तबकडीचा वेग मिनिटाला ३३⅓ फेरे ठरवला. प्रोजेक्टर आणि तबकडीचं चाक एकाच मोटरला जोडलेलं. रिळाच्या सुरुवातीची खूण केलेली फ्रेम प्रोजेक्टरच्या फटीत, सुई तबकडीवर कोरलेल्या बाणावर, आणि मग मोटर चालू. तबकडी आतून बाहेर वाजे.

यात काय बिघडे? सुईने एक खाच ओलांडली की तबकडी एक फेरा, म्हणजे १.८ सेकंद, पुढे जाई: ४३ फ्रेमचा फरक. तेवढ्यात मूल गाऊन संपवून लवून नमस्कार करू लागे. फिल्म तुटली तर जितक्या फ्रेम गेल्या तितक्याच काळ्या फ्रेम मोजून जोडाव्या लागत, नाहीतर तिथून पुढचं सगळं घसरे. सुई प्रत्येक खेळाला नवी. तबकडी साधारण वीस खेळांनंतर बाद. किती वेळा वाजली ते खोडायला लेबलवरच चौकोन छापलेले असत.

फिल्म नायट्रेटची होती. ती कुजते, पेट घेते, आणि जुनी झाली की त्यातली चांदी काढण्यासाठी विकली जाई. रंगीत प्रती मुळातच थोड्या. तबकड्या मात्र थिएटरांच्या माळ्यावर धूळ खात पडल्या आणि वाचल्या. उलटही घडलं आहे: चित्र आहे, आवाज नाही. १९९१ मध्ये सुरू झालेला व्हायटाफोन प्रोजेक्ट हेच जुळवण्याचं काम करतो. संग्राहकांकडच्या तबकड्यांची नोंद ठेवायची आणि त्यांची चित्रं कुठल्या अभिलेखागारात आहेत ते शोधून जोड्या लावायच्या.

रंगीत म्हणजे आजच्यासारखे रंगीत का? तेव्हा रंग होते?

दोनच होते. त्या काळचं टेक्निकलर लाल-नारिंगी आणि हिरवट-निळसर एवढंच पकडे. खरा निळा, पिवळा, जांभळा येत नसे. कॅमेऱ्यातला प्रिझम एकाच वेळी दोन फ्रेम टिपे, म्हणून फिल्म दुप्पट वेगाने, मिनिटाला १८० फूट, धावे. प्रकाशही खूप जास्त लागे. मुलांच्या गालांचा रंग मात्र या पद्धतीत छान येई. परीकथांचे विषय आणि नारिंगी-हिरवट कपडे यांची तिथे एवढी रेलचेल का, ते यावरून कळावं.

तीन-चार वर्षांच्या मुलांना वाचता येत नाही. मग संवाद कसे करून घेत?

मूकपटात हे सोपं होतं. निर्माते हॅल रोच यांच्या 'अवर गँग' या मुलांच्या विनोदी मालिकेचे दिग्दर्शक रॉबर्ट मॅकगोवन कर्णा घेऊन कॅमेऱ्याशेजारी उभे राहत आणि चित्रीकरण चालू असतानाच मुलांना 'आता मागे बघ, आता दचक' असं सांगत. १९२९ मध्ये 'स्मॉल टॉक' या लघुपटापासून मालिका बोलू लागली आणि कर्णा बंद झाला. एका रात्रीत त्यांचं मुख्य हत्यारच गेलं म्हणा ना. सुरुवातीच्या बोलपटांत मुलं दोन वाक्यांमध्ये जी मोठमोठी विश्रांती घेतात, तिचं मूळ हेच: प्रत्येक मूल आपली पाळी आठवत असतं.

यावर उपाय म्हणजे प्रसंग समजावून सांगायचा, शब्द मुलांचे त्यांना वापरू द्यायचे, वाक्यं छोटी ठेवायची आणि एका शॉटमध्ये एकच वाक्य घ्यायचं. मोठं मूल लहानाच्या वाक्याची आठवण आपल्या वाक्यातून देईल अशी संवादांची बांधणी करायची. 'अवर गँग'चे चांगले लघुपट पाहताना हे लक्ष देऊन ऐका; प्रश्न नेहमी मोठं मूल विचारतं.

याहून कठीण प्रकार १९३० च्या आसपास झाला. डबिंगची सोय नीट नव्हती, तेव्हा रोच स्टुडिओने काही लघुपट परदेशांसाठी स्पॅनिशसारख्या भाषांत पुन्हा चित्रित केले, त्याच मुलांना घेऊन. अर्थ कळत नसलेले शब्द केवळ उच्चारांवरून पाठ करून घेत आणि मोठ्या मुलांसाठी कॅमेऱ्याबाहेर फळ्यावर लिहून ठेवत. नजर कॅमेऱ्याच्या बाजूला स्थिरावलेली दिसली की समजावं, फळा तिकडे आहे.

चिमुरड्यांकडून मोठ्यांची नक्कल करवणाऱ्या 'बेबी बर्लेस्क्स' या १९३२-३३ च्या मालिकेत तर पहिल्या लघुपटात मुलांच्या तोंडी मोठ्यांचे आवाज घातले होते. नंतरच्यांत मुलं स्वतः बोलतात, आणि ते ऐकल्यावर मोठ्यांचे आवाज का घातले असावेत हे लक्षात येतं.

'अवर गँग' आणि 'लिटल रास्कल्स' एकच का?

हो. १९२२ ते १९४४ मध्ये २२० लघुपट झाले. १९३८ मध्ये रोच यांनी मालिका एमजीएम स्टुडिओला विकली आणि 'अवर गँग' हे नावही त्यासोबत गेलं. रोच यांच्या काळातले बोलपट १९५५ पासून टीव्हीवर आले ते म्हणून 'द लिटल रास्कल्स' या नावाने. हा नृत्यमेळा मात्र नव्हता. ही विनोदी टोळी होती. तीच गत मिकी रूनीच्या 'मिकी मॅग्वायर' मालिकेची (१९२७ ते १९३४).

मुलांना शिक्षा म्हणून बर्फाच्या पेटीत बसवत, हे खरं की वावड्या? त्यांना पैसे किती मिळत? कायदा नव्हता का?

बर्फाची गोष्ट शर्ली टेंपल यांनी स्वतः आत्मचरित्रात लिहिली आहे. 'बेबी बर्लेस्क्स'च्या सेटवर एक काळी पेटी होती, आत बर्फाची लादी. ऐकत नसलेल्या मुलाला तिथे पाठवत. मुलं तीन ते पाच वर्षांची. एका लघुपटासाठी दोन आठवडे तालीम चाले आणि तिचे पैसे नसत. चित्रीकरणाच्या दिवसाचे १० डॉलर. चित्रीकरण साधारण दोन दिवस, म्हणजे हातात २० डॉलर.

रडवण्याची तऱ्हाही तशीच. 'अवर गँग'मधून पॅरामाउंटकडे गेलेल्या जॅकी कूपरला १९३१ च्या 'स्किपी'साठी रडवायचं होतं, तेव्हा त्याच्या कुत्र्याला गोळी घालण्याची धमकी दिली गेली. दिग्दर्शक त्याचा नातलगच होता. त्या भूमिकेसाठी नऊ वर्षांच्या कूपरला सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं ऑस्कर नामांकन मिळालं.

कायदा होता, पण राज्यागणिक वेगळा. न्यूयॉर्कमध्ये सोळा वर्षांखालच्या मुलाने रंगमंचावर नाचणं-गाणं यावर कडक बंधनं होती, आणि एल्ब्रिज गेरी यांच्या बालसंरक्षण संस्थेची माणसं थिएटरांवर लक्ष ठेवत. कॅलिफोर्नियात परवाना, सेटवर शिक्षिका आणि रोज तीन तास अभ्यास सक्तीचा होता. मेळ्याची तालीम क्लासमध्ये होई तेव्हा ती 'शिकवणी' ठरे, काम नव्हे. ही पळवाट फार सोयीची होती.

पैशांचं म्हणाल तर कमाई पालकांची मानली जाई. बालनट जॅकी कूगनने मूकपटांत ३० ते ४० लाख डॉलर कमावल्याचा अंदाज आहे. १९३८ मध्ये त्याने आई आणि सावत्र वडिलांवर दावा लावला तेव्हा शेवटी १,२६,००० डॉलर हाती आले. १९३९ चा कॅलिफोर्नियाचा कायदा त्यातून झाला: न्यायालयाने मंजूर केलेल्या करारातल्या कमाईचा निम्म्यापर्यंत भाग बाजूला ठेवायचा आदेश देता येईल. मेख 'मंजूर केलेल्या' या शब्दांत आहे. मेळ्यातल्या दिवसाच्या बोलीवर आलेल्या मुलाचा करार न्यायालयात जाणार कशाला? आणि आदेश झाला तरी पाळला जाईलच असं नव्हतं. शर्ली टेंपल यांनी बावीसाव्या वर्षी हिशेब मागितला तेव्हा ३२ लाखांहून अधिक कमाईतले सुमारे ४४,००० डॉलर उरले होते. प्रत्येक करारातले १५ टक्के सक्तीने बाजूला ठेवण्याची तरतूद २००० साली आली.

बेबी रोझ मेरी ही मुलगी खरंच लहान होती का? आवाज तर तिशीतल्या बाईचा वाटतो.

खरंच लहान होती. जन्म १९२३, व्हायटाफोनचा लघुपट १९२९. रेडिओवर ऐकणाऱ्यांना हीच शंका येई आणि कुणी प्रौढ ठेंगणी बाई मुलगी म्हणून गाते अशी पत्रं एनबीसी या रेडिओ कंपनीकडे येत. शेवटी तिला गावोगावी फिरवून लोकांना प्रत्यक्ष दाखवलं.

या मेळ्यांत कृष्णवर्णीय मुलं दिसत नाहीत. ती कुठे होती?

त्यांच्यासाठी वेगळे लघुपट निघत. मजा अशी की नाच-गाण्याच्या गुणवत्तेत तेच आज जास्त टिकून राहिले आहेत. टॅप नाचणारे निकोलस बंधू १९३२ च्या 'पाय, पाय ब्लॅकबर्ड'मध्ये दिसतात. सोबत यूबी ब्लेक यांचा वाद्यवृंद. धाकटा हॅरल्ड अकरा वर्षांचा. पुढच्याच वर्षी 'रूफस जोन्स फॉर प्रेसिडेंट'मध्ये सात वर्षांचा सॅमी डेव्हिस ज्युनिअर एथेल वॉटर्सबरोबर आहे. दोन्हींचे दिग्दर्शक रॉय मॅकच, म्हणजे मेग्लिन मेळ्याचे लघुपट करणारेच. कथाभागात त्या काळचे ओंगळ वंशवादी विनोद ठासून भरले आहेत. ते सहन करून नाच पाहावा लागतो. पण दोन मुलं माइकच्या टप्प्यात असतील तर टॅप किती स्वच्छ उमटतो, हे पन्नास मुलांच्या मेळ्याशेजारी ठेवून ऐका. 'अवर गँग' याला अपवाद होती. तिथे कृष्णवर्णीय मुलं सुरुवातीपासून बरोबरीने खेळतात. लेखनातल्या खोड्या मात्र तिथेही आहेत.

१६ इंची जुनी तबकडी हाती आली आहे. नेहमीच्या टर्नटेबलवर वाजेल का?

वाजवू नका. नेहमीचं यंत्र १२ इंचांचं असतं; तबकडी टोनआर्मच्या बुंध्याला अडते. १६ इंचांचं ट्रान्सक्रिप्शन टर्नटेबल आणि त्याला साजेसा लांब टोनआर्म लागतो. वेग ३३⅓ म्हणून एलपीची बारीक सुई लावण्याची चूक बहुतेकजण करतात. खाच रुंद आहे; बारीक सुई तळाशी लोळते आणि नुसती खरखर ऐकू येते. ७८ च्या तबकड्यांसाठीची जाड सुई घ्या. जुन्या ग्रामोफोनची पोलादी सुई आणि तिचा जड डोका तर अजिबात नको. एका फेरीत खाच खरवडून निघेल. सुई आत, लेबलजवळच्या बाणावर ठेवा.  धुताना स्पिरिट किंवा अल्कोहोल वापरू नका, त्यात तबकडीतली लाख विरघळते. डिस्टिल्ड पाणी, द्रव साबणाचा एखादा थेंब, मऊ ब्रश, लेबल कोरडं. पहिल्याच वाजवण्यात डिजिटल मुद्रण करून घ्या आणि लेबलवरचा क्रमांक लिहून ठेवा. चित्र कुठे असेल तर ते त्या क्रमांकावरूनच जुळेल.

मी टॅप शिकवते. बारा मुलांचा, १९३० च्या ढंगाचा छोटा लघुपट करायचा आहे. टॅप स्वच्छ यावा म्हणून काय करू?

तीन टप्पे करा आणि त्यांची सरमिसळ होऊ देऊ नका.

आधी गाणं. लय मोजून ठरवा. २४ फ्रेमला १२० ची लय घेतली तर एक मात्रा बरोबर १२ फ्रेमची होते. २५ फ्रेमला चित्रित करत असाल तर १२५ घ्या, तीही १२ फ्रेमवर बसते. संकलनात याचा फार उपयोग होतो. सात-आठ वर्षांच्या मुलांना या लयीत मात्रेला दोन ठोके जमतात; चार ठोके म्हणजे सेकंदाला आठ, ते बाराजणांत एकसारखे येणार नाहीत. गाण्याआधी आठ मात्रांची टिकटिक मुद्रित करा.

मग चित्र. गाणं स्पीकरवर वाजवा आणि स्पीकर मुलांच्या जवळ, मधोमध ठेवा. एका टोकाला ठेवलात तर दुसऱ्या टोकाचं मूल प्रत्येक मीटरला ३ मिलिसेकंद मागे राहील. दोन स्पीकर दोन्हीकडे लावून हा दोष जात नाही, उलट टोकांच्या मुलांना दोनदा ऐकू येतं. या वेळी सेटवरचा आवाजही टिपून ठेवा, पण फक्त जुळवणीसाठी. मागच्या रांगेच्या बुटांचे नाल काढून रबर लावलंत तरी चित्रात कळत नाही.

शेवटी टॅप. बारा नको, लय पक्की असलेली तीन मुलं घ्या. १८ मिलिमीटरचा प्लायवुडचा चार बाय चार फुटांचा तुकडा प्रत्येकाला. खाली घोंगडी किंवा रबरी चटई, म्हणजे पोकळ घुमणार नाही. माइक जमिनीपासून एक-दीड फुटावर, पायांच्या पुढे, थोडा तिरका. अगदी वर रोखला तर बोटांचा ठोका येतो आणि टाच हरवते. मुलांच्या कानांवर हेडफोन हवेतच, नाहीतर गाणं टॅपच्या माइकमध्ये झिरपतं आणि मग ते काढता येत नाही. समोर चित्र चालू ठेवा. तिघांचे स्वतंत्रपणे दोन-दोन मुद्रणं घेतलीत की सहा जोड पाय होतात. मेळ्याचा भरणा तेवढ्यात येतो. नालांचे स्क्रू प्रत्येक मुद्रणाआधी आवळून बघा. सैल नाल ठोक्यानंतर किणकिणतो, आणि ती किणकिण सेटवर कुणाला ऐकू येत नाही, संकलनाच्या टेबलावरच येते.